हान्शिन लाइन आणि तिचे वाघ

गुरुवार : उमेदा

ओसाकाहून कोबेला जायला तीन रेल्वेमार्ग आहेत आणि तिन्ही जवळजवळ समांतर धावतात. डोंगराच्या बाजूने हान्क्यू, मधून जेआर (जपान रेल्वे) आणि समुद्राच्या बाजूने हान्शिन. हान्क्यूच्या चकचकीत मरून डब्यांतून बंगलेवाले जातात, हान्शिनमधून कारखान्यांच्या पट्ट्यातली माणसं, असं इथे पूर्वापार मानतात. माझी भाची नोकरीसाठी कोबेत राहते, ती हान्शिन लाइनवरच. जायचं ठरलं तेव्हाच तिला सांगून टाकलं होतं, की क्योतोची देवळं तू तुझ्या आईला दाखव, मला हान्शिन टायगर्स हा बेसबॉल संघ बघायचाय.

बेसबॉलची गोडी मला अमेरिकी कंपनीच्या रात्रपाळीत लागली. पण तिथल्या कुठल्याही संघापेक्षा डोक्यात बसला तो हा. याचं कारण असं, की या संघाची कामगिरी आणि त्याच्यावरचं लोकांचं प्रेम यांचा काही मेळच बसत नाही. जपानमध्ये 1950 पासून दोन लीग आहेत, सेंट्रल आणि पॅसिफिक, आणि दोन्हींचे विजेते जपान सिरीजमध्ये भिडतात. तेव्हापासून टायगर्सनी ही सिरीज जिंकली दोनदा, 1985 आणि 2023 ला. त्यांचे जन्मोजन्मीचे वैरी, तोक्योचे योमिउरी जायंट्स, बावीस वेळा. तरी सत्तेचाळीस हजारांचं मैदान भरतं ते टायगर्सचं.

विमानतळावरून ओसाकातल्या उमेदाला आलो आणि भाचीने थेट हान्शिन डिपार्टमेंट स्टोअरच्या तळघरात नेलं. तिथे इकायाकी मिळते, म्हणजे माकुळाचे तुकडे घातलेलं दाबून भाजलेलं धिरडं. लोक उभ्या उभ्या खातात आणि निघतात. वर टायगर्सचं दुकान आहे : पिवळ्या-काळ्या टोप्या, टॉवेल, बाळांची लाळेरी. रेल्वे, दुकान आणि संघ ही एकाच घरातली भावंडं. जपानी खासगी रेल्वेचा धंदा जुना आणि साधा आहे. एका टोकाला दुकान काढायचं, मध्ये वसाहती वसवायच्या, एखादं मैदान बांधायचं, म्हणजे माणसं सुट्टीच्या दिवशीही तिकीट काढतात. हान्शिनची गाडी 1905 मध्ये सुरू झाली. डिसेंबर 1935 मध्ये कंपनीने ‘ओसाका टायगर्स’ उभा केला. नाव कर्मचाऱ्यांनी सुचवलं, डेट्रॉइटच्या संघावरून. तेही कारखान्यांचं शहर आणि हेही.

शुक्रवार : कोशिएन

कोशिएन ओसाकात नाहीच. ते ह्योगो प्रांतातल्या निशिनोमिया शहरात आहे, उमेदाहून जलद गाडीने पाव तासाच्या आत. ओसाकाचा म्हणून ओळखला जाणारा संघ शेजारच्या प्रांतात खेळतो, याचं इथे कोणालाच काही वाटत नाही.

स्टेशनातून बाहेर पडलं की समोर वेलींनी मढलेली भिंत. वेल 1924 मध्ये मैदानाबरोबरच लावली. 2007 च्या दुरुस्तीत ती काढावी लागली, पण त्याआधी, 2000 साली, तिची रोपं देशभरातल्या शाळांना वाटलेली होती. त्यांतली जोमाने वाढलेली परत मागवली आणि पुन्हा भिंतीशी लावली. माहेरपणाला आलेली वेल, असंच इथे म्हणतात.

आतल्या संग्रहालयात आमचा सकाळपासून दुपारपर्यंतचा वेळ गेला. मैदान उभं आहे ते मुको नदीच्या बुजवलेल्या फाट्यांच्या जागेवर. हायस्कूलच्या स्पर्धेला गर्दी मावेना, म्हणून हान्शिनच्या मिसाकी शोझो यांनी न्यूयॉर्कचं पोलो ग्राउंड्स डोळ्यांपुढे ठेवून मोठं मैदान बांधायचं ठरवलं. मार्चमध्ये काम सुरू झालं आणि 1 ऑगस्ट 1924 ला उद्‌घाटन. ते वर्ष जपानी पंचांगातल्या साठ वर्षांच्या चक्राचं पहिलं वर्ष होतं, आपल्या प्रभव संवत्सरासारखं. अशा वर्षाला ‘कोशि’ म्हणतात, त्यावरून मैदानाचं नाव पडलं. प्रेक्षकांवर लोखंडी छप्पर होतं. युद्धात, 1943 मध्ये, ते उतरवून धातू म्हणून देऊन टाकलं. संघाच्या नावातला ‘टायगर्स’ही त्या काळात गेला होता, कारण इंग्रजी चालत नव्हतं. बाहेर बेब रूथची एक पाटी आहे. 1934 च्या दौऱ्यात तो इथे खेळून गेला.

एका काचेत फुजिमुरा फुमिओची आठवण आहे. त्याची बॅट इतकी लांब, की तिला कपडे वाळत घालायची काठी म्हणत. ‘मिस्टर टायगर्स’ ही पदवी पहिल्यांदा त्याला मिळाली. पण मी खिळून राहिलो ते दोन पिचरांपाशी, म्हणजे गोलंदाजांपाशी.

पहिला मुरायामा मिनोरु. 25 जून 1959 ला सम्राट पहिल्यांदाच व्यावसायिक सामना बघायला तोक्योच्या कोराकुएनमध्ये आले होते. शेवटच्या, म्हणजे नवव्या डावात बरोबरी असताना जायंट्सच्या नागाशिमाने मुरायामाला होमरन (आपला षटकारच) मारून सामना संपवला. चेंडू डाव्या खांबाजवळून गेला. तो फाउल, म्हणजे रेषेबाहेरचा होता, हे मुरायामा मरेपर्यंत सांगत राहिला. नागाशिमा देशाचा लाडका झाला, आणि या बाजूच्या लोकांना एक तक्रार मिळाली जी कधी जुनी होत नाही.

दुसरा एनात्सु युताका. 1968 मध्ये तो वीस वर्षांचा होता. एका मोसमात सर्वाधिक फलंदाजांना स्ट्राइकआउट, म्हणजे तीनदा चकवून बाद, करण्याचा विक्रम 353 चा होता. 17 सप्टेंबरला याच मैदानावर, जायंट्सविरुद्ध, तो 353 पर्यंत आला आणि तो तीनशे त्रेपन्नावा बळी होता जायंट्सचा होमरनवीर ओ सादाहारु. आता विक्रम मोडायचा तोही ओच्याच विकेटवर, असं त्याने ठरवलं. मग काय, पुढचा पूर्ण क्रम फिरून ओ परत येईपर्यंत त्याने कोणालाच स्ट्राइकआउट केलं नाही. मुद्दाम. चेंडू मारू द्यायचे, झेल नाहीतर धावबाद करून घ्यायचं, आणि धावही द्यायची नाही. ओ आला, तीनशे चौपन्नावा झाला. सामना बाराव्या डावापर्यंत शून्य-शून्य, आणि शेवटी विजयी फटकाही एनात्सुनेच मारला. मोसमाअखेर आकडा 401 वर गेला. हे मी क्रिकेटवाल्या मित्रांना सांगतो तेव्हा ते माझ्याकडे थापाड्यासारखं बघतात.

तिथून वर, स्कोअरबोर्डखाली, मैदानाकडे बघता येतं. इथेच 17 एप्रिल 1985 ला टायगर्सच्या बास, काकेफु आणि ओकादा यांचे लागोपाठ तीन होमरन येऊन पडले. जायंट्स 3-1 ने पुढे, पिचर माकिहारा. रँडी बासच्या फटक्यावर तीन धावा, मग काकेफु, मग ओकादा. त्या वर्षाची सगळी कहाणी या मिनिटांपासून सांगायला सुरुवात होते.

संध्याकाळी सामना, हिरोशिमाविरुद्ध. भाचीचे घरमालक आजोबा आणि आजी बरोबर आले होते. आजींच्या अंगावर काकेफुच्या नंबरची, धुऊन धुऊन विटलेली जर्सी. आजोबा साध्या शर्टात. उजव्या बाजूच्या स्टँडमध्ये ट्रम्पेट वाजतात, प्रत्येक फलंदाजाचं वेगळं गाणं, आणि सातव्या डावात व जिंकल्यावर संघगीत ‘रोक्को ओरोशी’. रोक्को हा मागचा डोंगर, आणि गाणं त्यावरून उतरणाऱ्या वाऱ्याचं. गंमत म्हणजे मैदानात खेळणाऱ्याला भोवतो तो दुसराच वारा, समुद्राचा. तो उजवीकडून डावीकडे वाहतो आणि डावखुऱ्याने उचललेला चेंडू अडवून खाली टाकतो. बास डावखुरा होता. त्याने वाऱ्याशी भांडण न करता विरुद्ध बाजूला मारायला शिकून घेतलं. 1985 मध्ये 54 होमरन आणि .350 ची सरासरी, 1986 मध्ये .389, ती सरासरी जपानमध्ये अजून कोणी ओलांडलेली नाही.

पाचव्या डावात पाऊस आला. मला तर तो सामन्यापेक्षाही पावला, कारण हान्शिन एन्गेईची माणसं मैदानात उतरली. ही मैदान सांभाळणारी कंपनी, आणि तिला चाहते आहेत, खरेखुरे. कोशिएनचं आतलं मैदान पूर्ण मातीचं, गवत फक्त बाहेरच्या भागात. काळी माती आणि वाळू यांचं मिश्रण असतं. वसंतात पाऊस जास्त म्हणून वाळू थोडी जास्त, उन्हाळ्यात पांढरा चेंडू उठून दिसावा म्हणून काळी माती जास्त. दर हिवाळ्यात सगळी माती खोल खणून उलथतात, पावसाने बसू देतात, मग रोलर. पिचरच्या उंचवट्यापासून बाहेर डोळ्याला न दिसणारा उतार आहे. पाऊस थांबला तशी ती माणसं धावत आली. स्पंजाने पाणी टिपलं, कोरडी माती पसरली, दाताळ्यांनी ओढली, आणि बघता बघता चिखलाचं पुन्हा मैदान झालं. मैदान झालं तसा सगळ्या स्टेडियमने टाळ्यांचा कडकडाट केला. मी आयुष्यात प्रथमच मातीकामाला वन्समोअर द्यायच्या बेतात होतो.

या मातीची एक गोष्ट आजींनी सांगितली. उन्हाळ्यातल्या हायस्कूल स्पर्धेत हरलेली मुलं इथली माती पिशवीत भरून घरी नेतात. 1958 मध्ये ओकिनावाची शुरी शाळा पहिल्यांदा आली, पहिल्याच फेरीत हरली आणि माती घेऊन निघाली. ओकिनावा तेव्हा अमेरिकेच्या ताब्यात. परक्या देशातली माती म्हणून बंदरावरच ती फेकून द्यावी लागली. ते वाचून विमान कंपनीच्या मुलींनी त्यांना कोशिएनचे गोटे पाठवले, कारण गोट्यांना बंदी नव्हती. ते अजून त्या शाळेत आहेत. आणि त्या मुलांसाठी टायगर्सना दर ऑगस्टमध्ये आपलं घर सोडून बाहेरगावी भटकावं लागतं. नव्वद वर्षं व्यावसायिक संघ शाळकरी पोरांना जागा करून देतो आहे. कोशिएन साऱ्या देशाचं आहे आणि टायगर्स तिथले राहते भाडेकरू.

सामना हरलो. परतताना आजींनी 1973 काढलं. शेवटच्या दोन सामन्यांतला एक जिंकला असता तरी लीग हातात होती. पहिला नागोयात गेला. दुसरा 22 ऑक्टोबरला कोशिएनमध्ये, जायंट्सशीच. आजी तरुणपणी त्या सामन्याला हजर होत्या. निकाल 9-0. जायंट्सचं सलग नववं लीग विजेतेपद त्या दिवशीच पक्कं झालं. लोक कुंपण ओलांडून मैदानात घुसले. मॅनेजरला, म्हणजे संघाच्या मुख्य प्रशिक्षकाला, उचलून झेलायची जिंकणाऱ्यांची प्रथा असते, तीही सोडून जायंट्स आत पळाले. ‘आणि पुढच्या वर्षी तुम्ही परत आलात?’ मी विचारलं. भाचीने भाषांतर केलं. आजींनी प्रश्नच न कळल्यासारखं माझ्याकडे पाहिलं.

शनिवार : आमागासाकी, दोतोनबोरी, नांबा

आमागासाकीला सकाळी थोडा वेळ उतरलो. बाजारपेठेवर छप्पर, खाली मासळी, लोणची, स्वस्त कपडे, आणि वर टायगर्सचे झेंडे. इथला एक मान्यताप्राप्त वेडेपणा : लीग जिंकायला आणखी किती विजय हवेत, त्या आकड्याला ‘मॅजिक नंबर’ म्हणतात आणि तो मोसमाच्या उत्तरार्धात लागतो. आमागासाकीचे दुकानदार मोसम सुरू व्हायच्या आधीच समारंभ करून 143 चा फलक लावतात. एकूण सामनेच तेवढे असतात! 2025 मध्ये टायगर्सच्या दुय्यम संघाचं मैदानही याच शहरात आलं. त्याच वर्षी 7 सप्टेंबरला संघाने लीग जिंकली, दोन लीग झाल्यापासून कोणीही इतक्या लवकर जिंकली नव्हती. त्या वर्षी फलक भरभर रिकामा झाला असणार.

दुपारी दोतोनबोरी. परदेशातून येणारा प्रत्येक जण विचारतो ती गोष्ट इथली, म्हणून मीही पुलावर उभा राहिलो. 16 ऑक्टोबर 1985 ला एकवीस वर्षांनी लीग जिंकल्यावर एबिसुबाशी पुलावर गर्दी लोटली. एकेका खेळाडूचं नाव पुकारायचं, त्याच्यासारखा दिसणारा कोणी पुढे यायचा आणि कालव्यात उडी टाकायचा. बासची पाळी आली. दाढीवाला गोरा कोणीच नाही. मग जवळच्या केंटकी फ्राइड चिकनसमोरचा कर्नल सँडर्सचा पुतळा उचलला आणि दिला फेकून. पुढे संघ खड्ड्यात गेला आणि ‘कर्नलचा शाप’ जन्माला आला. 1987 ते 2001 या पंधरा वर्षांत दहा वेळा शेवटचा क्रमांक. पुतळा मार्च 2009 मध्ये कालव्याच्या गाळात सापडला, चष्मा आणि डावा हात सोडून. तो इतका झिजला, की 2024 मध्ये कंपनीने विधिपूर्वक त्याला निरोप दिला.

गोष्ट मजेशीर आहे. पण शापाची सबब मला पटत नाही. आजारी मुलाच्या उपचारासाठी अमेरिकेला गेलेल्या बासला क्लबने 1988 मध्ये काढून टाकलं. त्याच्या तोडीचा फलंदाज पुन्हा मिळाला नाही, आणि मॅनेजर बदलत राहिले. याचा जाब कर्नलने का द्यावा? आणि या चेष्टेत 1985 चा दुसरा अर्धा भाग झाकून जातो. 12 ऑगस्टला जपान एअरलाइन्सचं 123 क्रमांकाचं विमान डोंगरावर कोसळलं, 520 माणसं गेली. त्यांत क्लबचे अध्यक्ष नाकानो हाजिमु होते. त्यानंतर संघ ओळीने हरू लागला. खेळाडूंनी स्वतःला सावरलं आणि लीग जिंकली, मग सेइबू लायन्सना 4-2 ने हरवून जपान सिरीजही. पुलावरच्या उड्या सगळ्यांना ठाऊक असतात. नाकानोंचं नाव मला भाचीच्या शेजाऱ्यांकडूनच पहिल्यांदा कळलं.

उड्यांचंही पुढे कौतुक राहिलं नाही. 2003 मध्ये लीग जिंकल्यावर पाच हजारांहून जास्त लोकांनी कालव्यात उड्या घेतल्या आणि एक जण बुडून मेला. आता महत्त्वाच्या रात्री पोलिसांचं कडं असतं. 2023 मध्ये तेच होतं. मॅनेजर होता ओकादा, 1985 च्या तीन होमरनांतला तिसरा. ‘विजेतेपद’ हा शब्द त्याने वर्षभर उच्चारला नाही. जुन्या बायका नवऱ्याचं नाव घेत नसत तसा तो फक्त ‘ते’ म्हणायचा. तेवढ्यावरून संघाचं वर्षाचं घोषवाक्य झालं. 5 नोव्हेंबरला, सातव्या सामन्यात, 7-1 ने ‘ते’ मिळालं.

तिथून नांबा पार्क्स. डोंगरासारखी पायऱ्यापायऱ्यांची बागवाली मॉल आहे. पूर्वी इथे ओसाका स्टेडियम होतं, नान्काई रेल्वेच्या हॉक्स संघाचं. दुसऱ्या मजल्याच्या फरशीत होमप्लेटची, म्हणजे फलंदाज उभा राहतो त्या जागेची, खूण आहे, तिच्यावरून लोक पिशव्या घेऊन जातात. 1964 ची जपान सिरीज हान्शिन आणि नान्काई यांच्यात झाली होती. शेवटचा सामना 10 ऑक्टोबरला, म्हणजे तोक्यो ऑलिंपिकच्या उद्‌घाटनाच्याच दिवशी. कोशिएनमध्ये पंधरा हजारांच्या आसपास माणसं होती. सगळा देश दुसरीकडे बघत होता. नान्काई जिंकली, टायगर्स हरले, आणि ते कोणाच्या फारसं लक्षातही राहिलं नाही. 1988 मध्ये नान्काईने संघ विकला. तो फुकुओकाला गेला.

रविवार : निशिनोमिया

भाचीला मॉलमध्ये काम होतं, आजी-आजोबाही निघाले. हान्क्यूच्या निशिनोमिया गार्डन्समध्ये. इथेही तेच : जुनं निशिनोमिया स्टेडियम, हान्क्यू रेल्वेच्या ब्रेव्हज संघाचं. वर गच्चीच्या बागेत होमप्लेटची खूण, आणि पाचव्या मजल्यावर छोटं दालन. 1971 च्या ऑल-स्टार, म्हणजे निवडक खेळाडूंच्या सामन्यात एनात्सुने नऊच्या नऊ फलंदाजांना लागोपाठ स्ट्राइकआउट केलं ते याच जागी.

आजोबा त्या दालनात शिरले आणि बाहेर यायचं नाव घेईनात. ब्रेव्हजनी 1975 ते 1977 सलग तीनदा जपान सिरीज जिंकली होती. तेव्हा त्याच शहरात हरणारे टायगर्स कोशिएन भरत होते आणि जिंकणारे ब्रेव्हज रिकाम्या बाकांपुढे खेळत होते. कारणं फार गूढ नाहीत. टायगर्स सेंट्रल लीगमध्ये, त्यामुळे त्यांना वर्षातून कितीतरी वेळा जायंट्स भेटत आणि टीव्ही येई. कोबेचा सन टीव्ही 1969 मध्ये सुरू झाला, तो टायगर्सचा सामना शेवटच्या चेंडूपर्यंत दाखवायचा. ब्रेव्हज पॅसिफिक लीगमध्ये. तिथे ना जायंट्स, ना कॅमेरे. तोक्योला हरवायची हौस भागवायला ओसाकावाल्यांना एकच जागा होती, आणि तिथे हरलं तरी ते तोक्योकडून हरणं असायचं.

19 ऑक्टोबर 1988 ला ब्रेव्हज विकले जात असल्याची घोषणा झाली. विकत घेणारी कंपनी आजची ओरिक्स. पुढे तो संघ कोबेला गेला. 1995 च्या भूकंपाने हे सगळं शहर मोडलं, त्या वर्षी बाहीवर कोबेचं नाव लावून त्याने लीग जिंकली, फलंदाज इचिरोच्या जोरावर. नंतर तो किन्तेत्सु रेल्वेच्या संघात मिसळून ओरिक्स बफेलोज झाला. कान्साईच्या, म्हणजे ओसाका-कोबेच्या या मुलखातल्या, चार रेल्वे कंपन्यांचे चार संघ होते. उरला एक.

आणि त्या एकाचीही गंमत बघा. 2005 मध्ये मुराकामी नावाच्या गुंतवणूकदाराने हान्शिन रेल्वेचे शेअर ढिगाने घेतले आणि टायगर्सना शेअर बाजारात उतरवायची सूचना केली. चाहते खवळले. कंपनी वाचवायला शेवटी पुढे कोण आलं? हान्क्यू. 2006 पासून दोन्ही रेल्वे एकाच छत्राखाली आहेत. म्हणजे ज्यांनी आपले ब्रेव्हज विकले तेच आज टायगर्सचे वरचे मालक.

हे भाचीने मला सांगितलं आणि मग हळूच म्हणाली, ‘मामा, आजोबा मूळचे ब्रेव्हजचे. म्हणून ते जर्सी घालत नाहीत.’ लग्न 1970 च्या दशकातलं, आजी हान्शिन लाइनच्या, आजोबा हान्क्यूचे.

2023 ची जपान सिरीज टायगर्स आणि ओरिक्स यांच्यात झाली होती, कान्साईच्या दोन संघांत, 1964 नंतर पहिल्यांदा. मी न राहवून विचारलं, की आजोबा कोणाच्या बाजूने होते. आजोबा काचेतल्या जुन्या टोपीकडे बघत राहिले. उत्तर आजींनी दिलं. सातव्या सामन्याच्या रात्री हे दुसऱ्या डावात अंघोळीला गेले, म्हणाल्या, आणि बाहेर आले ते सगळं संपल्यावर. कोणासाठी गेले होते ते मी विचारलेलं नाही, आणि त्यांनीही सांगितलेलं नाही. फक्त गॅसचं बिल तेवढं मोठं आलं.